साक्षीदाराचा डोळा : पडद्यावर उतरलेले नाटक

नाटक ही घडता घडताच संपत जाणारी कला आहे. चित्र भिंतीवर राहते, ग्रंथ कपाटात राहतो, मूर्ती देवळात राहते. प्रयोग मात्र पडदा पडला की प्रेक्षकांच्या आठवणीवाचून कोठेच शिल्लक राहत नाही. नाटकाचा मोठेपणा यात आहे आणि दुर्दैवही यातच आहे. म्हणूनच गेली सव्वाशे वर्षे माणूस नाटकाला चित्रफितीवर धरून ठेवण्याचा प्रयत्न करीत आला. या प्रयत्नांकडे आपल्या समीक्षेने मात्र पुरेशा गांभीर्याने पाहिलेले दिसत नाही. नाटकाचे परीक्षण होते, चित्रपटाचे होते. परंतु रंगमंचावरचा प्रयोग पडद्यासाठी चित्रित करणाऱ्याने आपले काम चांगले केले की वाईट, आणि ते कोणत्या निकषावर ठरवायचे, याची चर्चा क्वचितच आढळते. ती चर्चा करण्याचा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

पुण्या-मुंबईच्या रसिकाला हा प्रश्न फारसा छळणार नाही. भुसावळहून नागपूरकडे जाणाऱ्या लोहमार्गावरील बोदवडसारख्या गावी राहणाऱ्याला मात्र तो टाळता येत नाही. व्यावसायिक नाटकाचा दौरा खानदेशात आलाच तर जळगाव, धुळे, फार तर भुसावळ येथवर येतो. तेथे जायचे म्हणजे रात्रीच्या परतीच्या गाडीची चिंता आली, लेकरांची झोप आली आणि चार तिकिटांचा हिशेबही आला. खानदेशाला खेळाचे वावडे मुळीच नाही. वह्यांचे गायन, तमाशाचे फड, भारुडे ही येथली जुनी दौलत आहे. जत्रेत तमाशाचा तंबू आणि फिरत्या सिनेमाचा तंबू शेजारीशेजारी उभे राहत. पण नाट्यगृहातले नाटक येथल्या घराघरांत आले ते आधी आकाशवाणीवरून, २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन सुरू झाल्यानंतर यथाकाल छोट्या पडद्यावरून, पुढे व्हीसीडीच्या तबकड्यांतून आणि आता मोबाइलवरून. येथील दोन-तीन पिढ्यांनी नाटक पाहिले ते कोणीतरी निवडून दिलेल्या चौकटीतून. त्या तबकडीच्या वेष्टनावर नाटककाराचे, नटांचे, निर्मात्याचे नाव ठळक असते. कोणत्या क्षणी कोणाच्या चेहऱ्याकडे पाहायचे हे ज्याने आमच्यासाठी ठरवले, त्याचे नाव बहुधा शोधावेच लागते.

येथे एक भेद आधी स्पष्ट करावयास हवा. नाटकावरून चित्रपट करणे वेगळे आणि नाटक चित्रित करणे वेगळे. २०१५ साली सुबोध भावे यांनी ‘कट्यार काळजात घुसली’ आणि २०१६ साली महेश मांजरेकर यांनी ‘नटसम्राट’ पडद्यावर आणले. ही रूपांतरे होत. त्यांत नवी स्थळे आली, प्रसंग बदलले. ‘नटसम्राट’मध्ये रामभाऊ या मित्राच्या व्यक्तिरेखेला मोठे स्थान मिळाले. के. हरिहरन, मणी कौल आदींनी १९७६ साली केलेला ‘घाशीराम कोतवाल’ तर गाजलेल्या प्रयोगाची प्रतिकृती करण्याचेच नाकारतो. अशा कृतींचा विचार चित्रपट म्हणून व्हावा. आपला विषय तो नाही. एका ठरावीक रात्री, ठरावीक रंगमंचावर, समोर प्रेक्षक बसलेले असताना जो प्रयोग झाला, तो दूरच्या प्रेक्षकापर्यंत नेणाऱ्या दिग्दर्शकाचा येथे विचार करावयाचा आहे.

या कामाचा आरंभ आपल्या प्रभूच्या दुःखसहनाच्या नाट्याशी जोडलेला आहे, हे पुष्कळांना ठाऊक नसेल. बव्हेरियातील ओबेरामरगौ या गावाने १६३३ च्या साथीत नवस केला आणि १६३४ पासून तेथे दुःखसहनाचे नाट्य होऊ लागले. पुढे ते दर दहा वर्षांनी करण्याची प्रथा पडली. या नाट्याची कीर्ती इतकी पसरली, की १८९८ साली न्यूयॉर्कमध्ये त्याचे ‘चित्रण’ म्हणून एक चित्रपट दाखवण्यात आला. प्रत्यक्षात तो न्यूयॉर्कमधल्याच एका इमारतीच्या गच्चीवर, तेथल्याच नटांना घेऊन तयार केलेला होता. चित्रित नाटकाच्या इतिहासाच्या पहिल्याच पानावर अशी खोटी साक्ष नोंदलेली आहे. तो चित्रपट लोकांना आवडला, त्याने अनेकांना हेलावलेही. तरी पण जे पाहिले तेच दाखवतो असे म्हणणाऱ्याने न पाहिलेले दाखवले, हा दोष उरतोच. या कलेची पहिली अट सौंदर्याची नाही, प्रामाणिकपणाची आहे, एवढे या घटनेवरून ध्यानात घ्यावे.

पुढे अशाच एका ख्रिस्तचरित्राच्या चित्रपटाने भारतीय चित्रपटाचा पाया घातला गेला. १९१०-११ च्या सुमारास गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये त्र्यंबकेश्वरच्या धुंडिराज गोविंद फाळके यांनी तो पाहिला आणि पडद्यावर आपले राम-कृष्ण कधी दिसतील, या ध्यासाने त्यांना पछाडले. ‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी प्रदर्शित झाला. परंतु त्याच्या सुमारे वर्षभर आधी, १८ मे १९१२ रोजी, गिरगावच्याच कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये रामचंद्र गोपाळ तथा दादासाहेब तोरणे यांचा ‘श्री पुंडलिक’ लागला होता. ते रंगभूमीवरच्या एका मराठी नाटकाचे चित्रण होते. कॅमेरा दूर एका जागी रोवून घेतलेले पहिले चित्रण तोरणे यांच्या मनास उतरले नाही. म्हणून त्यांनी ते तुकड्यातुकड्यांनी पुन्हा घेऊन जोडले, असे सांगितले जाते. पहिला भारतीय कथापट कोणता, या वादात ‘पुंडलिक’च्या विरुद्ध तीन मुद्दे मांडले जातात : छायालेखक इंग्रज होता, फीत लंडनला धुतली गेली, आणि ते ‘केवळ नाटकाचे छायाचित्रण’ होते.

पहिल्या दोन मुद्द्यांचा निकाल इतिहासकारांनी लावावा. तिसऱ्यातला ‘केवळ’ हा शब्द मात्र समीक्षकाला खटकला पाहिजे. दूर रोवलेल्या कॅमेऱ्याने नाटक दिसते पण पोहोचत नाही, हे तोरणे यांना १९१२ साली उमगले असेल, तर चित्रण ही यंत्राची करामत नसून दृष्टीचे काम आहे हे त्यांना उमगले होते. आपण मात्र शंभर वर्षे ‘केवळ’ म्हणत राहिलो. चित्रण करणाऱ्याचे काम यांत्रिक आहे असे एकदा मानले, की त्यासाठी ना प्रतिभेचा माणूस शोधला जातो, ना पैसा खर्च होतो, ना कोणी त्याला जाब विचारतो. आज ‘पुंडलिक’ची प्रत उपलब्ध नाही. त्या ‘केवळ’ची ही किंमत आहे.

दुसरे उदाहरण खानदेशाच्या जिव्हाळ्याचे आहे. जळगावचे खुले नाट्यगृह ज्यांच्या नावाने ओळखले जाते, ते बालगंधर्व १९३५ साली प्रभातच्या ‘धर्मात्मा’मध्ये एकनाथांच्या पुरुषभूमिकेत पडद्यावर आले. नंतर १९३७ साली त्यांच्या ‘अमृतसिद्धी’ या नाटकाचेच चित्रण बाबूराव पेंटर यांच्या दिग्दर्शनाखाली ‘साध्वी मीराबाई’ या नावाने झाले. तेव्हा गंधर्वांचे वय ४९ होते. रंगमंचावर त्यांची स्त्रीभूमिका खरी वाटे, कारण नट आणि प्रेक्षक यांच्यात एक करार झालेला असे. मधले अंतर, दिव्यांचा उजेड, पदाला मिळणारा वन्समोअर आणि ‘हे नाटक आहे’ ही दोघांनाही असलेली जाणीव, या चौघांवर तो करार उभा होता. कॅमेऱ्याने यातले काहीच मान्य केले नाही. तो जवळ गेला आणि त्याला साडी नेसलेला प्रौढ गृहस्थ दिसला. चित्रपट चालला नाही. दोष गंधर्वांचा नव्हता, पेंटरांसारख्या थोर कलावंताच्या कौशल्याचाही नसावा. रंगभूमीचा संकेत पडद्यावर नेताना त्या संकेताला ज्याने बळ मिळते तो प्रेक्षक मागेच राहिला, हे खरे कारण असावे असे मला वाटते.

चित्रित नाटकाचा मध्यवर्ती प्रश्न हाच आहे. कॅमेरा नटाला उचलून आणू शकतो. नट आणि प्रेक्षक यांच्यामध्ये जे घडते ते कसे आणायचे?

१९६४ साली अमेरिकेत याचे एक धाडसी उत्तर दिले गेले. जॉन गिलगुड यांनी बसवलेल्या आणि रिचर्ड बर्टन यांनी नायकाची भूमिका केलेल्या ‘हॅम्लेट’चे न्यूयॉर्कमध्ये प्रेक्षकांसमोर चित्रण झाले आणि ते सुमारे हजार चित्रपटगृहांत अवघे दोन दिवस दाखवून प्रती नष्ट करण्याचे ठरले. नाटकाची क्षणभंगुरता जपण्याचा हा प्रयत्न होता! बर्टन यांच्याकडे मात्र एक प्रत राहिली. १९८४ साली ते वारल्यानंतर ती घरी सापडली, म्हणून आज आपण तो प्रयोग पाहू शकतो. चित्र काळपट आहे, प्रकाश अपुरा आहे, कॅमेरे थोडे आहेत. तरी खोकणारे, हसणारे, श्वास रोखणारे प्रेक्षक त्यात ऐकू येतात आणि एका रात्रीची हकीकत आपण ऐकत आहोत असा विश्वास बसतो.

या कामाला शिस्तीचे रूप आले ते लंडनच्या नॅशनल थिएटरने २५ जून २००९ रोजी हेलन मिरेन यांच्या ‘फेद्र’चे उपग्रहाद्वारे चित्रपटगृहांत थेट प्रक्षेपण केले तेव्हापासून. ही चित्रणे मुंबईत नरिमन पॉइंटच्या एनसीपीएमध्येही दाखवली जातात. त्यांची कार्यपद्धती समजून घेण्यासारखी आहे. पडद्यासाठीचा दिग्दर्शक प्रयोग अनेकदा पाहतो, संहितेच्या समासात कोणत्या वाक्यावर कोणता कॅमेरा हे लिहितो. प्रेक्षागृहातल्या काही खुर्च्या काढून तेथे कॅमेरे बसवले जातात. कॅमेऱ्यांसह तालमी होतात. त्यांत रंगभूषा सौम्य करावी लागते, प्रकाश थोडा बदलावा लागतो, आणि नटांना मात्र एकच सूचना असते, ती म्हणजे समोर बसलेल्या प्रेक्षकांसाठीच अभिनय करण्याची. या शेवटच्या सूचनेत सारे शहाणपण आहे. नट कॅमेऱ्यासाठी आवाज खाली आणू लागला की नाट्यगृहातला माणूस नाटकाला मुकतो आणि पडद्यापुढच्या माणसालाही मग खरे नाटक मिळत नाही.

दिग्दर्शकाची खरी परीक्षा होते ती ‘आता काय दाखवायचे’ या निवडीत. आपल्याकडचा सर्वांत बोलका नमुना म्हणून १९७२ साली जब्बार पटेल यांनी बसवलेला ‘घाशीराम कोतवाल’चा प्रयोग घ्यावा. त्यात ओळीने उभ्या राहिलेल्या ब्राह्मणांची मानवी भिंत होती. ती डुलते, गाते, पाठ फिरवते, मागचे झाकते आणि हवे तेव्हा उघडते. नाटकाचा सारा आशय त्या भिंतीत आहे : समाज स्वतःच पडदा होतो आणि स्वतःच्या आड होणारे पाप लपवतो. अशा प्रयोगाचे चित्रण करताना भिंतीतल्या एका नटाचा चेहरा कितीही बोलका असो, समीपदृश्यात तो घेतला की भिंत तुटते. उरतो एक ब्राह्मण. तेथे दिग्दर्शकाने संपूर्ण रंगमंच दाखवून स्वस्थ बसले पाहिजे. हे धैर्याचे काम आहे, कारण हाती पाच-सहा कॅमेरे असताना दर तीन सेकंदांनी चित्र बदलण्याचा मोह आवरत नाही.

याच्या उलट बाजू विजय तेंडुलकरांच्याच ‘शांतता! कोर्ट चालू आहे’मध्ये दिसते. शेवटी बेणारेबाई बोलू लागतात तेव्हा भोवतालची सारी माणसे गोठून जातात. रंगमंचावर आपण एकाच वेळी दोन गोष्टी पाहतो : बोलणारी बाई आणि न ऐकणारी माणसे. सुलभा देशपांडे यांनी ही भूमिका रंगमंचावर केली आणि १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी केलेल्या चित्रपटातही केली. तेव्हा एकच अभिनेत्री दोन माध्यमांत काय करते, याचा अभ्यास करण्याची सोय येथे आहे. एखाद्याने नाट्यप्रयोगाचेच चित्रण करायचे ठरवले तर तो काय करील? केवळ चेहरा दाखवला तर गोठलेली माणसे दिसेनाशी होतात आणि बाईचे दुःख तिचे एकटीचे होते. केवळ दूरदृश्य ठेवले तर डोळ्यांतले पाणी बोदवडच्या प्रेक्षकाला दिसत नाही. चांगला दिग्दर्शक चेहऱ्याजवळ जाईल, पण वाक्याच्या भरात मागे येऊन त्या न ऐकणाऱ्यांना पुन्हा चौकटीत आणील. केव्हा मागे यायचे हे यंत्र सांगत नाही. ते नाटक समजलेल्या माणसालाच कळते.

येथे एक तुलना सुचते. प्रभूच्या दुःखसहनाची कथा आपल्याकडे चार शुभवर्तमानांतून आली. मार्ककडे आणि मत्तयकडे क्रूसावरची ती आर्त हाक आहे. लूककडे पश्चात्तापी चोराला मिळालेले आश्वासन आहे. योहानकडे क्रूसाजवळ उभी असलेली माता आहे. दुसऱ्या शतकात टेशियन नावाच्या विद्वानाने या चारही वृत्तांतांची वीण घालून एकच सलग ग्रंथ तयार केला. वाचायला तो सोयीचा होता. सीरियातल्या ख्रिस्तसभेत पुष्कळ काळ वापरातही होता. पाचव्या शतकात तेथेही तो मागे पडला आणि चार वेगळी शुभवर्तमाने त्याच्या जागी आली. साक्ष म्हटली की ती कोणाची, कोठून पाहिलेली, हे कळले पाहिजे, असा विवेक त्यामागे मला दिसतो.

हीच कसोटी दोन गाजलेल्या चित्रणांना लावून पाहू. २०११ साली नॅशनल थिएटरने डॅनी बॉइल यांनी बसवलेले ‘फ्रँकेन्स्टाइन’ चित्रित केले. त्यात बेनेडिक्ट कंबरबॅच आणि जॉनी ली मिलर हे दोन नट निर्माता आणि त्याने घडवलेला जीव या भूमिका आलटूनपालटून करीत. चित्रणेही दोन झाली, आणि दोन्ही वेगवेगळी दाखवली गेली. दोहोंतले उत्तम तुकडे निवडून तिसरे काही बनवले नाही. उलट ‘हॅमिल्टन’ या अमेरिकन संगीतकाचे चित्रण जून २०१६ मध्ये तीन प्रयोगांतून झाले. शिवाय प्रेक्षागृह रिकामे असताना कॅमेरा रंगमंचावर नेऊन काही दृश्ये घेतली गेली, आणि सर्वांची वीण घालून चित्रपट ३ जुलै २०२० रोजी घराघरांत पोहोचला. तो अतिशय देखणा आहे. मूळ प्रयोगाचे दिग्दर्शक थॉमस केल यांनीच तो केला असल्यामुळे कोठेही आशयाची हानी होत नाही. तरीही त्यातली रात्र ही कोणत्याही एका प्रेक्षकाने पाहिलेली रात्र नाही, आणि त्यातली काही आसने कोणत्याही नाट्यगृहात नाहीत. त्याची गोडी मान्य करूनही माझे माप ‘फ्रँकेन्स्टाइन’च्या बाजूने झुकते. दूरच्या प्रेक्षकाला सर्वांत चांगले आसन द्यावे हे खरे, पण ते आसन खरे असावे.

चित्रित नाटकाच्या दिग्दर्शकाला म्हणूनच साक्षीदार म्हणावेसे वाटते. साक्षीदार सर्व काही सांगत नाही, निवडूनच सांगतो. परंतु जे घडले नाही ते सांगत नाही, आणि ‘मी तेथे होतो, तुम्ही नव्हता’ हे अंतरही लपवत नाही. यावरून तीन साधे निकष निघतात. नटांची एकमेकांशी असलेली जागा प्रेक्षकाला सतत कळते काय? प्रेक्षागृहाचा श्वास ऐकू येतो काय? आणि कॅमेरा जवळ गेला तो नाटकाच्या गरजेने, की स्वतःच्या चंचलपणाने? आपल्याकडच्या बाजारात आलेल्या पुष्कळशा तबकड्या या तिन्हींत नापास होतात. हशा नंतर चिकटवलेला असतो, विनोदी नट कायम समीपदृश्यात असतो, आणि त्याच्या वाक्यावर ज्याच्या चेहऱ्यामुळे हसू येते तो दुसरा नट चौकटीबाहेर उभा असतो. बोदवडचा मुलगा हे पाहून नाटक म्हणजे असेच काहीतरी भडक असते, असा समज करून घेतो. नुकसान त्याचे होते आणि उद्या त्याला मुकणाऱ्या रंगभूमीचेही होते.

हा विषय आपल्या कुटुंबांपासून दूरचा नाही. १९५८ साली पोप पायस बारावे यांनी असिसीच्या संत क्लारा यांना दूरचित्रवाणीच्या आश्रयदात्या संत म्हणून घोषित केले. त्यामागची कथा अशी, की आजारपणामुळे त्यांना नाताळच्या ख्रिस्तयागाला जाता आले नाही, तेव्हा तो त्यांना आपल्या खोलीतच दिसला आणि ऐकू आला. या कथेत पडद्याची थोरवी आहे आणि मर्यादाही आहे. दर्शन झाले ते जाऊ न शकणाऱ्या आजारी स्त्रीला. जाऊ शकणाऱ्यांनी घरी बसावे म्हणून ते नव्हते. २०२० च्या टाळेबंदीत आपण सर्वांनीच ख्रिस्तयाग पडद्यावर पाहिला. त्या दिवसांत पडद्याने आधार दिला, आणि मंदिराची दारे उघडल्यावर काय उणे होते तेही कळले. त्याच वर्षी ओबेरामरगौच्या गावकऱ्यांना आपले नाट्य रद्द करावे लागले. त्यांनी ते २०२२ पर्यंत पुढे ढकलले आणि मग प्रेक्षकांसमोरच केले.

आपल्या धर्मग्रामांतही उत्तम शुक्रवारच्या सुमारास दुःखसहनाचे नाट्य होते, नाताळात नाटिका होतात आणि डझनभर मोबाइल वर उचललेले दिसतात. अंथरुणावरच्या आजीला, परदेशी गेलेल्या मुलीला ते चित्रण पाठवले जाते. तेव्हा ते काम हलके मानू नये. हे काम डझनांनी करण्यापेक्षा एका-दोघांवर सोपवावे. ज्याच्यावर सोपवायचे त्याने तालमीला बसावे, कोण कोठून येतो ते लिहून घ्यावे. एक कॅमेरा मधोमध, संपूर्ण रंगमंच दिसेल असा, तिकाटण्यावर अखेरपर्यंत स्थिर ठेवावा. दुसरा बाजूने, चेहऱ्यांसाठी. आवाजासाठी रंगमंचाजवळ वेगळा ध्वनिग्राहक ठेवावा, कारण चित्र धूसर असले तर चालते, शब्द हरवले तर नाटक हरवते. पिलाताच्या प्रसंगात ओरडणारा जमाव आणि मौन धरलेला प्रभू हे दोघेही एका चौकटीत दिसू द्यावेत. प्रभूच्या मुखावरचे लाल रंगाचे ओघळ जवळून दाखवण्याने भक्ती वाढत नाही. शिमोन कुरेनेकर क्रूसाखाली खांदा देतो तेव्हा जमाव मागे सरतो, हे दिसण्याने वाढते. आणि शेवटी चित्रण करणाऱ्याचे नाव नटांच्या यादीत लिहावे. त्याने काय पाहिले याची जबाबदारी त्याला घेऊ द्यावी.

बोदवडला उद्या सुसज्ज नाट्यगृह होईल की नाही हे सांगता येत नाही. तोवर येथल्या मुलाला रंगभूमीची पहिली ओळख पडद्यावरूनच होणार आहे. ती ओळख खरी असेल, तर मोठा झाल्यावर तो जळगावची गाडी पकडून नाटकाला जाईल. चित्रित नाटकाचे यश मोजायचे ते यावर : ते पाहून माणूस घरी स्वस्थ बसतो, की प्रत्यक्ष प्रयोग पाहण्यासाठी उठून निघतो.